दिग्दर्शक तालमीत घडतो

नांदेडमधल्या एका शाळेच्या सभागृहात राज्य नाट्य स्पर्धेची तालीम चालली होती. फरशीवर खडूने घराची आखणी केलेली, दोन खुर्च्यांमधली फट म्हणजे दार. नट दिवसभर शाळेत, बँकेत, दुकानात राबून आलेले. एक तरुण आत येता येताच वाक्य म्हणून मोकळा झाला. दिग्दर्शकांनी हात वर केला.

"घाई कशाला करायलास? आधी आईकडं बघ. ती जेवायची थांबलीय."

पुन्हा प्रवेश. या खेपेला तो दारात थबकला, चप्पल काढली, आईकडे पाहिलं, मग बोलला. वाक्य तेच होतं. पण आता त्यात उशीर झाल्याची बोच होती. दिग्दर्शकाचं काम मला तिथे दिसलं.

हेच काम माणसाला एका माध्यमातून दुसऱ्यात नेतं. मराठवाड्यातलं ठळक उदाहरण चंद्रकांत कुलकर्णी यांचं. तेव्हाच्या औरंगाबादेत प्रशांत दळवी आणि इतर मित्रांसोबत 'जिगीषा' या संस्थेत ते घडले, मग मुंबईला गेले. 1991मध्ये 'चारचौघी' हे नाटक, 1994मध्ये महेश एलकुंचवारांची वाडा-नाट्यत्रयी. 1999मध्ये 'बिनधास्त'पासून सिनेमा. 'तुकाराम' आला 2012मध्ये. त्यानंतरच्या 'आजचा दिवस माझा'ला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

दळवींचं 'ध्यानीमनी' कुलकर्णींनी रंगभूमीवर केलं आणि 2017मध्ये पडद्यावरही आणलं. ही गोष्ट नसलेल्या मुलाला असल्यासारखं वाढवणाऱ्या आईची. रंगमंचावर ते मूल नटीच्या नजरेतून आणि बोलण्यातून शेवटच्या रांगेपर्यंत पोचवावं लागतं. कॅमेरा तिच्या चेहऱ्याजवळ जातो, घरभर फिरतो. तिथे आवाज आणि हालचाल आवरावी लागते. मालिकेत तर रोजचा भाग वेळेत द्यायचा असतो, तालमीला उसंत नसते. अशा वेळी आधीची शिदोरीच कामाला येते.

आज नांदेड-लातूरची मुलं मोबाइलवर लघुपट करतात, याचा मला मनापासून आनंद आहे. त्यांना एवढंच सांगणं: कॅमेरा हातात घेण्याआधी एखादा हंगाम तालमीत बसा, पडेल ते काम करा. आणि प्रेक्षकांनो, दोन्ही शहरांत स्पर्धेची नाटकं होतात, त्यांना आवर्जून जा. उद्याचे दिग्दर्शक तिथेच तयार होत आहेत.