शेक्सपिअरला चित्रपटगृहात नेणारा रीडिंगचा मुलगा

उत्तर आयर्लंडमधल्या दंगलींमुळे बेलफास्ट सोडून केनेथ ब्रॅनाचं कुटुंब रीडिंगला आलं, तेव्हा तो नऊ वर्षांचा होता. तिथल्या शाळेच्या नाटकांतून तो प्रोग्रेस थिएटर या हौशी संस्थेत पोचला. आज तो तिचा आश्रयदाता आहे.

१९८९ साली, वयाच्या २८व्या वर्षी त्याने ‘हेन्री द फिफ्थ’ दिग्दर्शित केला. सुरुवातीला काळोख्या स्टुडिओत निवेदक काडी पेटवतो. युद्ध संपल्यावर राजा एका मेलेल्या पोराला खांद्यावर घेऊन चिखलातून चालत राहतो आणि कॅमेरा मिनिटामागून मिनिटं, न कापता, त्याच्याबरोबर सरकतो. विजयाची किंमत इतकी उघडी क्वचितच कुणी दाखवली असेल. या चित्रपटासाठी दिग्दर्शन आणि अभिनय, दोन्हींची ऑस्कर नामांकनं त्याला मिळाली.

मग १९९६चा ‘हॅम्लेट’. आगरकरांच्या ‘विकारविलसित’मुळे मराठीत जुनी ओळख असलेलं हे नाटक. लॉरेन्स ऑलिव्हिएने १९४८च्या चित्रपटात त्यातली काही पात्रं पार गाळली होती. ब्रॅनाने अख्खी संहिता ठेवली, चित्रपट चार तासांचा झाला तरी! त्या पटकथेलाही ऑस्करचं नामांकन मिळालं, आणि ते रास्तच होतं.