वहीतली चाळीस नावे

स्मरणिकेच्या संपादक-मंडळाने यंदा लेख मागताना मला एक अट घातली. "जुन्या बडोद्याच्या आठवणी पुष्कळ झाल्या, आता काही शास्त्रीय लिहा." अट मान्य करून मी कोहॉर्ट अभ्यासाचा विषय निवडला. विद्यार्थिदशेत पी.एस.एम. हा विषय आम्ही परीक्षेच्या आदल्या आठवड्यात उरकला होता, ही कबुली प्रारंभीच दिलेली बरी. त्या विषयाकडे मी उतारवयात वळलो, आणि तेही एका वहीमुळे.

दांडिया बाजारातला माझा दवाखाना बंद करताना कपाटाच्या तळाशी लाल कापडी बांधणीची एक लांबट वही निघाली. १९८१ पासून पुढची काही वर्षे, माझ्याकडे येणाऱ्या नवजात बालकांची वजने मी हौसेने तीत टिपून ठेवीत असे. एकेका बाळाला एकेक पान दिलेले. जन्मवजन, पुढच्या भेटींची वजने, आणि समोर चार शब्दांचा शेरा. पहिली चाळीस पाने नेटाने भरलेली होती. पुढे व्यवसाय वाढला आणि नोंदी विरळ झाल्या. वही चाळताना मनात आले की ही मुले आता चाळिशी ओलांडून गेली असतील. म्हणजे माझ्या हाती नकळत एक लहानसा कोहॉर्टच आला की!

कोहॉर्ट हा मूळचा रोमन सैन्यातला शब्द. लीजन नामक दलाच्या दहाव्या हिश्श्याला, एकत्र कूच करणाऱ्या तुकडीला, कोहॉर्ट म्हणत. साथरोगशास्त्राने तो उचलला तो याच अर्थच्छटेमुळे. ज्यांना अद्याप रोग झालेला नाही अशा माणसांचा एक गट ठरवायचा, त्यांच्या सवयी, मापे आणि परिस्थिती आधीच नोंदवून ठेवायची, आणि मग वर्षानुवर्षे त्यांच्यामागून चालत राहायचे. कोणाला काय झाले, केव्हा झाले हे तर लिहायचेच. परंतु कोणाला काहीच झाले नाही, हेही तितक्याच काळजीने लिहायचे. हा शेवटचा भाग आपण व्यावसायिक हमखास विसरतो. दवाखान्यात आपल्याला अंश दिसतो, छेद दिसत नाही. मधुमेहाचे दहा रुग्ण समोर बसले आणि दहाही जण गोड खाणारे निघाले, तरी गोड खाऊन ठणठणीत राहिलेले किती हे आपल्याला ठाऊक नसते, कारण ते आपल्या पायरीवर कधी येतच नाहीत.

या पद्धतीची थोरवी सांगणारे माझे आवडते उदाहरण खुद्द डॉक्टरांचेच आहे. रिचर्ड डॉल आणि ब्रॅडफर्ड हिल या दोघांनी १९५० साली फुप्फुसाच्या कर्करोगाचे रुग्ण आणि इतर रुग्ण यांची तुलना प्रसिद्ध केली व धूम्रपानाकडे बोट दाखवले. आक्षेप लगेच आले. रोग जडलेल्या माणसाला मागचे आठवायला सांगितले तर त्याची आठवण निर्मळ राहील कशी? मग दोघांनी दिशाच उलटी केली. ऑक्टोबर १९५१ मध्ये ब्रिटनमधील सर्व नोंदणीकृत डॉक्टरांना त्यांनी एक छोटी प्रश्नावली धाडली. डॉक्टरच का? एक तर आपल्या सवयीचे उत्तर ते नेमके देतील. दुसरे म्हणजे डॉक्टर सहसा हरवत नाहीत, नोंदणीच्या निमित्ताने त्यांचा ठावठिकाणा मिळत राहतो. सुमारे ५९,६०० पत्रे गेली, दोनतृतीयांश लोकांनी उत्तर दिले, आणि त्यांतील ३४,४३९ पुरुष डॉक्टर पुढे अर्धे शतक या अभ्यासाचे विषय होऊन राहिले.

फळ मात्र लवकर दिसू लागले. अवघ्या २९ महिन्यांनंतर, १९५४ मध्ये, पस्तिशीपुढील डॉक्टरांतील ७८९ मृत्यूंचा पहिला अहवाल निघाला. त्यांपैकी ३६ जण फुप्फुसाच्या कर्करोगाने गेले होते आणि त्या ३६ जणांत धूम्रपान न करणारा एकही नव्हता. तंबाखूचे प्रमाण जसे वाढे तसा मृत्युदरही वाढे. त्याहून मौजेची गोष्ट अशी की सगळ्याच मृत्यूंची कारणे नोंदली जात असल्यामुळे हृदयविकारासारखी, मूळ प्रश्नात नसलेली उत्तरेही त्याच कागदांतून बाहेर येत गेली. एकाच कारणाची अनेक फळे एका वेळी पाहता येणे ही या पद्धतीची खरी श्रीमंती. २००४ साली पन्नास वर्षांचा अहवाल आला तेव्हा डॉल स्वतः नव्वदी ओलांडलेले होते. आजन्म सिगारेट ओढणारा सरासरी दहा वर्षे आधी जातो. साठाव्या, पन्नासाव्या, चाळिसाव्या वा तिसाव्या वर्षी सोडली तर अनुक्रमे सुमारे तीन, सहा, नऊ आणि दहा वर्षे परत मिळतात. "आता सोडून काय उपयोग, डॉक्टर?" असे विचारणाऱ्या रुग्णाला हे चार आकडे सांगितले की तो निदान पाकीट खिशात परत ठेवतो, हा माझा अनुभव.

आपल्याकडे बिडी सौम्य समजली जाते. मुंबईत १९९१ ते १९९४ या काळात मतदारयाद्यांच्या आधारे पस्तिशी ओलांडलेल्या ९९,५७० लोकांची नोंद झाली, आणि काही वर्षांनी संशोधक पुन्हा त्याच दारांशी गेले. तंबाखूपासून दूर असलेल्या पुरुषांच्या तुलनेत सिगारेट ओढणाऱ्यांचा मृत्यूचा धोका १.३९ पट आणि बिडी ओढणाऱ्यांचा १.७८ पट आढळला. मतदारयादीचा इतका सदुपयोग क्वचितच झाला असेल.

फ्रेमिंगहॅमचे नाव घेतल्याशिवाय या विषयाचा लेख पुरा होत नाही, म्हणून घेतो. १९४८ साली अमेरिकेतल्या त्या गावचे ५,२०९ स्त्री-पुरुष निवडले गेले, आणि रक्तदाब व कोलेस्टेरॉल यांकडे आपण आज ज्या नजरेने पाहतो ती बव्हंशी त्यांचीच देणगी आहे. मात्र ती माणसे जवळजवळ सर्व गोरी होती. त्यांच्यावरून बेतलेले कोष्टक रावपुऱ्यातल्या माणसाला जसेच्या तसे लावू नये.

आता माझी वही. चाळीस नावांचा शोध घेण्याचे मी ठरवले. जुना कंपाउंडर, मंडळाची वर्गणीवही, गणेशोत्सवातल्या ओळखी, असे सगळे धागे धरून तीन महिने खटपट केली. हाती अकरा जण लागले. बाकीच्यांतले काही पुण्या-मुंबईस, काही अमेरिकेत, मुलींची आडनावे बदललेली, दोघे हयात नाहीत, आणि उरलेल्यांविषयी कोणालाच काही माहीत नाही. शिवाय सापडलेल्या अकरांपैकी बहुतेकांना मी सापडवले म्हणण्यापेक्षा त्यांच्या आजाराने सापडवले, असेच म्हणायला हवे. कोणाच्या ना कोणाच्या औषधासाठी ते अजून आमच्या व्यवसायबंधूंकडे येत होते. अशा अकरा जणांवरून चाळीस जणांचे निदान करणे म्हणजे पाणपोईवर उभे राहून गावात किती जण तहानलेले आहेत ते मोजण्यासारखे. गळती ही कोहॉर्ट अभ्यासाची वाळवी आहे, हे वाक्य पुस्तकात वाचून मला इतके कळले नव्हते.

त्या अकरांतला एक जन्मला तेव्हा दोन किलो शंभर ग्रॅमचा होता. अडतिसाव्या वर्षी त्याला मधुमेह निघाला. मी वही घेऊन घरी गेलो तेव्हा त्याची आई दारातच म्हणाली, "डॉक्टर, तुम्हीच सांगितलं होतंत ना, पोराला बाळसं धरू दे म्हणून? मी किती तूप घातलं त्याला! त्याचंच तर हे झालं नाही?" वहिनींच्या स्वरात तक्रार नव्हती, आणि म्हणूनच मला ते अधिक लागले.

त्या प्रश्नामागचे शास्त्र दिल्लीच्या कोहॉर्टने उलगडले आहे. दक्षिण दिल्लीतील बारा चौरस किलोमीटरच्या भागात डिसेंबर १९६९ ते नोव्हेंबर १९७२ या काळात जन्मलेल्या आठ हजारांहून अधिक बालकांची वजने-उंची जन्मापासून ठरावीक काळाने मोजली गेली. ही मोजणी सुरू केली ती कुपोषणाच्या काळजीने. मधुमेह तेव्हा कोणाच्या मनातही नव्हता. तीस वर्षांनी त्यांतील १,४९२ तरुण-तरुणींची रक्तशर्करा तपासली, आणि २००४ साली निष्कर्ष आले. ज्यांची शर्करा बिघडली होती ती मुले पहिली दोन वर्षे इतरांपेक्षा बारीक होती आणि त्यानंतर, बालपण व किशोरवयात, त्यांचा बांधा भराभर भरत गेला होता. बाराव्या वर्षी त्यांतले कोणीही लठ्ठ म्हणावे असे नव्हते. म्हणजे चार माणसांत बसवले असते तर "छान अंग धरलंय" असेच आपण सगळे म्हणालो असतो. पाच देशांतील जन्म-कोहॉर्ट एकत्र करून २०१३ साली जे प्रसिद्ध झाले त्यातही सूर हाच होता: पहिल्या दोन वर्षांतली वाढ उंचीला आणि शिक्षणाला पोषक, पुढची उंचीच्या मानाने जास्तीची वजनवाढ मात्र प्रौढपणी अंगाशी येणारी.

पुण्याजवळच्या सहा खेड्यांत डॉ. चित्तरंजन याज्ञिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ पासून चालवलेला अभ्यास याच्याही मागे, थेट गर्भारपणाच्या आधी जातो. तिथली बाळे सरासरी २.७ किलोची, इंग्लंडमधील साउदॅम्प्टनची ३.५ किलोची. परंतु पुण्याच्या बाळांत स्नायू कमी असले तरी कातडीखालची चरबी त्या मानाने राखलेली होती. सडपातळ दिसणारे आपले बाळ आतून तसे नसते, ही गोष्ट तराजूवर कधीच दिसली नसती. त्यासाठी कॅलिपर घेऊन घरोघर जावे लागले. त्या खेड्यांतून वर्षानुवर्षे फिरणाऱ्या कार्यकर्त्यांची नावे शोधनिबंधांत तळटीपेत असतात. माझ्या मते ती वर असावीत.

मी वहिनींसमोर वही उघडली. पहिल्या दोन वर्षांचे शेरे निर्दोष होते. पुढे मात्र "वय ५, वजन कमी, तूप-केळी वाढवा". "वय ७, अजून बारीक, दुधात साय घाला" असे माझ्याच अक्षरात लिहिलेले. तेव्हाच्या ज्ञानाप्रमाणे ते योग्य होते, आणि आज मी तसे लिहिणार नाही. मी तसेच त्यांना सांगितले.

पण हेही सांगितले की त्याच्या मधुमेहाचे कारण हेच, असे मी म्हणू शकत नाही. कोहॉर्ट गटाविषयी बोलतो, एकट्या माणसाविषयी मुका असतो. शिवाय गटाविषयीही तो चुकू शकतो. रजोनिवृत्तीनंतर संप्रेरके घेणाऱ्या स्त्रियांत हृदयविकार कमी, असे अमेरिकेतील लाखभर परिचारिकांच्या कोहॉर्टमध्ये दिसले होते, आणि आमच्या पिढीतल्या स्त्रीरोगतज्ज्ञांनी त्या भरवशावर गोळ्या लिहिल्या. २००२ साली चिठ्ठ्या टाकून गट पाडलेल्या मोठ्या चाचणीत ते संरक्षण दिसले नाही, उलट धोका किंचित वाढला आणि चाचणी मुदतीआधी थांबवावी लागली. संप्रेरके घेणाऱ्या स्त्रिया मुळातच सुस्थितीतल्या आणि प्रकृतीला जपणाऱ्या होत्या, हे एक कारण. गोळ्या कोणत्या वयात सुरू झाल्या हे दुसरे, आणि त्यावरचा वाद अजून सरलेला नाही. माणसे स्वतःच आपला गट निवडतात तेव्हा गटाबरोबर त्यांचे सगळे आयुष्यही येते. मुलाला तूप घालू शकणारे घर आणि न घालू शकणारे घर यांत फरक केवळ तुपाचा नसतो.

वहिनी हे सारे शांतपणे ऐकत होत्या. शेवटी म्हणाल्या, "म्हणजे तुम्हालाही माहीत नाही."

"नाही," मी म्हणालो.

आतून त्यांची नात आली. सहा वर्षांची, काटकुळी. हातात पोळीचा तुपाळ रोल होता. वहिनींनी तिच्याकडे पाहिले, मग माझ्याकडे. मी तिची उंची दाराच्या चौकटीला लावून मोजली, घरच्या काट्यावर वजन पाहिले, पुण्याच्या माझ्या बालरोगतज्ज्ञ विद्यार्थ्याला फोन लावून तक्ता विचारला. तिची वाढ तिच्या रेषेवरून अगदी व्यवस्थित चालली होती. वहीच्या एकेचाळिसाव्या पानावर मी तिचे नाव, तारीख, उंची आणि वजन लिहिले. शेऱ्याची जागा रिकामी ठेवली आणि वही वहिनींच्या सुनेच्या हाती दिली.