डोडो होता कबूतर! सर्वांत जवळचा नातेवाईक आजही भारतात

मॉरिशसचा नामशेष डोडो कबूतरांच्याच कुळातला. ऑक्सफर्डच्या संग्रहालयातील अवशेषांतून मिळालेल्या डीएनएवरून २००२ मध्ये त्याचा सर्वांत जवळचा हयात नातेवाईक समजला: निकोबार कबूतर.

डोडोला उडता का येत नव्हते?
बेटावर शिकारी सस्तन प्राणी नव्हते, खाणे जमिनीवरच मिळे. पिढ्यानपिढ्या शरीर वाढले, पंख खुरटले. १५९८ मध्ये डच खलाशी उतरले. माणसांसोबत आलेली डुकरे, माकडे, उंदीर अंड्यांवर तुटून पडले. शंभर वर्षांच्या आत डोडो संपला.

मग निकोबार कबूतर सुरक्षित आहे?
नाही. ते एका बेटावरून दुसऱ्यावर उडत जाते. पण एका वेळी एकच अंडे घालते आणि घरट्यासाठी त्याला शिकारी नसलेली छोटी बेटे लागतात. तिथे मांजरे-उंदीर पोहोचले, तर पंख असूनही पिल्लू वाचत नाही.