चंद्राचा धगधगता जुळा

आपल्या चंद्राला एक जुळा भाऊ आहे. चंद्राचा व्यास 3,474 किलोमीटर, याचा 3,643. चंद्र पृथ्वीपासून सरासरी 3,84,400 किलोमीटरवर, हा गुरूपासून साधारण 4,22,000 किलोमीटरवर. दोघेही दगडाचे, दोघेही आपल्या ग्रहाकडे कायम एकच बाजू धरून फिरणारे. नाव आयो. इतकं साम्य असून चंद्र थंड, निपचित आणि आयो मात्र अख्ख्या सूर्यमालेतला सर्वांत जागता ज्वालामुखींचा प्रदेश. हा फरक कुठून आला, या प्रश्नाने मला कित्येक वर्षं धरून ठेवलं आहे.

पहिला फरक वेगाचा. चंद्राला पृथ्वीभोवती एका फेरीला सव्वासत्तावीस दिवस लागतात, आयोला जेमतेम साडेबेचाळीस तास. गुरूचं वस्तुमान पृथ्वीच्या 318 पट. एवढ्या ओढीत कक्षा टिकवायची तर सेकंदाला 17 किलोमीटर धावावंच लागतं.

जानेवारी 1610 मध्ये पाडुआत गॅलिलिओने गुरूजवळ एका रेषेत तीन ठिपके पाहिले, आठवडाभरात चौथाही सापडला. रोज जागा बदलणारे हे ठिपके गुरूभोवती फिरताहेत हे त्याने ओळखलं; त्यांतलाच एक आयो. आकाशातलं सगळंच काही पृथ्वीभोवती फिरत नाही, याचा तो डोळ्यांना दिसणारा पुरावा होता. मला मात्र त्यापुढची गोष्ट जास्त जवळची वाटते. आयो दर फेरीत गुरूच्या सावलीत शिरतो आणि त्याला ग्रहण लागतं. म्हणजे आकाशात टांगलेलं घड्याळच! समुद्रावर आणि परमुलखात रेखांश काढायला याचा उपयोग होईल म्हणून पॅरिसच्या वेधशाळेत या ग्रहणांची कोष्टकं जपली जात होती. तिथे काम करणाऱ्या ओले रोमर या डॅनिश ज्योतिर्विदाला दिसलं, की घड्याळ कधी पुढे जातं, कधी मागे पडतं. आणि तेही पृथ्वी गुरूकडे येते आहे की दूर जाते आहे, त्यानुसार.

दोन ग्रहणांमधल्या साडेबेचाळीस तासांत पृथ्वी गुरूपासून जास्तीत जास्त सुमारे 42 लाख किलोमीटर लांब सरकते. ग्रहणाची बातमी घेऊन येणाऱ्या उजेडाला तेवढं अंतर जास्त कापावं लागतं, त्याला सुमारे 14 सेकंद लागतात. सेकंद साठत साठत काही महिन्यांत मिनिटं होतात. 1676 मध्ये रोमरने आधीच सांगून ठेवलं, की नोव्हेंबरातलं एक ग्रहण दहा मिनिटं उशिरा दिसेल. तसंच झालं. त्याच्या हिशेबाने पृथ्वीच्या कक्षेचा व्यास ओलांडायला प्रकाशाला 22 मिनिटं लागत होती. खरा आकडा साडेसोळाच्या आसपास आहे. तरी प्रकाशाला वेग असतो, तो क्षणात पोचत नाही, हे माणसाला पहिल्यांदा समजलं ते या एका ठिपक्यामुळे.

आता त्या आगीकडे येऊ. आयोच्या चार फेऱ्या होतात तेवढ्या वेळात पलीकडच्या युरोपा या गुरूच्या चंद्राच्या दोन आणि त्याच्याही पलीकडच्या गॅनिमीडची एक. झोपाळ्याला नेमक्या वेळी हलका धक्का मिळत राहिला तर झोका थांबत नाही. तसेच या दोन चंद्रांचे धक्के आयोची कक्षा कधी पूर्ण गोल होऊ देत नाहीत. तो गुरूजवळ येतो, पुन्हा जरा दूर जातो आणि प्रत्येक खेपेला गुरूची ओढ त्याला ताणते, सैल सोडते. मुंबईत पावसाळ्यातल्या मोठ्या उधाणाला समुद्र पाच मीटरच्या आसपास चढतो. आयोवर समुद्र नाही; तिथे खडकाची घट्ट जमीनच 100 मीटरपर्यंत वर-खाली होते. तार सारखी मागेपुढे वाकवत राहिलं की वाकल्या जागी बोटाला चटका बसतो. आयोचं पोट तसंच तापतं.

स्टॅन्टन पील, पॅट्रिक कॅसन आणि रे रेनॉल्ड्स यांनी हे गणिताने मांडलं आणि आयोवर ज्वालामुखी असू शकतील असं लिहिलं. लेख छापला गेला 2 मार्च 1979 रोजी. व्हॉयेजर 1 हे यान गुरूजवळून गेलं 5 मार्चला. पुढे काहीच दिवसांत लिंडा मोराबिटो ही अभियंता यानाची दिशा तपासण्यासाठी घेतलेलं छायाचित्र पाहत असताना तिला आयोच्या कडेवर छत्रीसारखा ढग दिसला. तो ज्वालामुखीचा फवारा होता, शेकडो किलोमीटर उंच. कागदावरचं भाकीत इतक्या लवकर आणि इतकं ठसठशीत खरं ठरल्याची उदाहरणं विज्ञानात फार थोडी आहेत.

आज आयोवर सुमारे 400 जागते ज्वालामुखी माहीत आहेत. गंधकाने पिवळ्या-तांबड्या झालेल्या त्या जमिनीवर उल्काघाताचं एकही विवर सापडलेलं नाही. पडलं तरी ते लाव्ह्याखाली बुजून जातं. आपल्या चंद्राच्या अंगावर मात्र अब्जावधी वर्षांपूर्वीचे घाव अजून तसेच आहेत.

हाच ताण युरोपालाही बसतो, पण कमी. तिथे तो खडक वितळवत नाही, बर्फाखालचं पाणी गोठू देत नाही. तिथे खारा समुद्र असावा असं बऱ्याच निरीक्षणांवरून दिसतं आणि तो जीवसृष्टीला मानवेल का, हे पाहायला निघालेलं युरोपा क्लिपर यान 2030 मध्ये गुरूजवळ पोचायचं आहे.

लक्ष्मीपूजनाच्या रात्री अमावस्या असते, चंद्राचा उजेड नसतो. त्या सुमारास गुरू वर असेल तर घरातली छोटी दुर्बीण गच्चीवर न्या आणि कठड्याला टेकवून स्थिर धरा. गुरूच्या अगदी लगत आयो दिसेल; कधी कधी मात्र तो त्याच्या झगमगाटात हरवलेला असतो. तिथून निघालेला तो उजेड किमान सुमारे 33 मिनिटं वाटेत असतो. काही तासांनी पुन्हा पाहा. ठिपका सरकलेला असेल.