जुनी प्रणाली नव्या संगणकावर का जागी होत नाही?

आमच्या प्रयोगशाळेतील वर्णपटमापकाला जोडलेला संगणक एके दिवशी बंद पडला. उपकरण ठणठणीत होते, पण त्याचा प्रोग्रॅम २००१ सालच्या विंडोज एक्सपीवरच चालणारा. जुनी हार्ड डिस्क नव्या संगणकाला जोडली, तर तो ती सुरू करायलाच तयार होईना. अनेक वर्षांची निरीक्षणे तिच्यात होती. डिस्क बिघडली होती का? नाही. मग अडले कुठे?

संगणक चालू करताच मदरबोर्डवरील चिपमधला प्रोग्रॅम, म्हणजे फर्मवेअर, प्रथम जागा होतो. १९८१ सालच्या आयबीएम पीसीत हे काम बायोस करी. बायोसला फायली कळत नाहीत. तो डिस्कचा पहिला ५१२ बाइटांचा सेक्टर स्मृतीत आणतो आणि त्यातील सूचनांवर पुढचे काम सोपवतो. या सेक्टरमध्ये ४४६ बाइट सूचनांसाठी, १६ बाइटांच्या चार नोंदी डिस्कच्या विभागांसाठी आणि २ बाइट शेवटच्या खुणेसाठी असतात. बेरीज करून पाहा! ज्या नोंदीवर ‘सक्रिय’ अशी खूण असते, त्या विभागातील प्रणाली सुरू होते.

या नोंदीत सेक्टरचा क्रमांक ३२ बिटांत लिहितात. २ च्या ३२ व्या घाताला ५१२ ने गुणले, की सुमारे २.२ लाख कोटी बाइट येतात. त्याहून मोठी डिस्क या तक्त्यात पूर्ण मावत नाही. म्हणून ६४ बिटांचा जीपीटी तक्ता आला. त्यात सहसा १२८ विभागांची सोय असते. त्याच्या जोडीचे नवे फर्मवेअर म्हणजे यूईएफआय. ते पहिल्या सेक्टरमधील सूचना चालवत नाही; ठरावीक विभागातील फाइल शोधून उघडते. आमच्या जुन्या डिस्कवर अशी फाइलच नव्हती!

काही संगणकांत बायोसचे सोंग घेणारी सोय असते. अलीकडच्या अनेकांत ती काढून टाकलेली आहे. विभागांचा तक्ता बदलू पाहावे, तर सारी माहिती पुसली जाण्याचा धोका.

आम्ही आधी डिस्कची पूर्ण प्रत काढली. मग नव्या संगणकात आभासी संगणक उभारला. त्याला स्वतःचा बायोस असतो. एक्सपी त्यात सुरू झाली. तिची सुरक्षा-दुरुस्ती २०१४ मध्येच थांबल्याने तिला इंटरनेट जोडले नाही. निरीक्षणे मात्र साध्या मजकूर-फायलींत उतरवून घेतली.

आपल्या शाळेतही असा एखादा जुना संगणक असेल. तो चालू आहे तोवरच प्रत काढून ठेवा.