निकाल लागला, अंमलबजावणीचे काय?

हुकूमनामा हाती पडल्यावरच पक्षकाराच्या खऱ्या अडचणी सुरू होतात, असे निरीक्षण लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने हिंदुस्थानातील एका दाव्यात १८७२ साली नोंदविले होते. सर्वोच्च न्यायालयाने २०२५ साली उच्च न्यायालयांकडून आकडेवारी मागविली, तेव्हा देशभरात सुमारे ८ लाख ८२ हजार दरखास्ती, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचे अर्ज, तुंबून असल्याचे दिसले. त्यांत महाराष्ट्राचा क्रमांक पहिला, ही काही भूषणाची बाब नव्हे. दरखास्त सहा महिन्यांत निकाली काढावी, असे त्याच न्यायालयाने २०२१ साली सांगितले होते!

अशा वेळी ‘हा न्यायालयाचा अवमानच नव्हे काय?’ असा प्रश्न आपल्या मनात येणे साहजिक आहे. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ प्रमाणे न्यायालयाच्या निकालाचे, आदेशाचे अथवा न्यायालयाला दिलेल्या हमीचे हेतुपुरस्सर उल्लंघन म्हणजे दिवाणी अवमान. सारी मदार ‘हेतुपुरस्सर’ या शब्दावर आहे. आदेश संदिग्ध असेल किंवा त्याचे पालन करणे खरोखरच अशक्य असेल, तर अवमान ठरत नाही. मात्र मुदत स्पष्ट असताना एखादा अधिकारी फाईल दाबून बसला, तर त्याला उत्तर द्यावे लागते. ‘आम्ही अपील केले आहे’ ही सबब आपण नेहमी ऐकतो. परंतु नुसते अपील म्हणजे स्थगिती नव्हे. स्थगितीचा आदेश स्वतंत्रपणे मिळवावा लागतो.

पैशांच्या वसुलीसाठी किंवा जमिनीच्या ताब्यासाठी मात्र सामान्यतः दरखास्तच करावी लागते. तिला बहुतांशी बारा वर्षांची मुदत आहे, तर अवमानाच्या कारवाईस केवळ एक वर्षाची. या फरकाकडे दुर्लक्ष झाल्याने पुष्कळांची संधी हुकते. तालुका किंवा जिल्हा न्यायालयाच्या आदेशाचा अवमान झाल्यास या अधिनियमाखाली शिक्षा करण्याचा अधिकार उच्च न्यायालयाला आहे. मनाई हुकूम मोडल्यास मात्र तो देणारे न्यायालयही मालमत्ता जप्त करू शकते आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंगात धाडू शकते.

अवमानाची कमाल शिक्षा सहा महिने साधी कैद, दोन हजार रुपये दंड किंवा दोन्ही. दंडाची रक्कम आज हास्यास्पद वाटते; कैदेची धास्ती मात्र खरी आहे. प्रामाणिक क्षमायाचनेने पुष्कळ जण सुटतात, पण सगळे नव्हे. लाकूड गिरण्यांसंबंधीचा आदेश धाब्यावर बसविल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली महाराष्ट्राचे माजी वनमंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वनखात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना प्रत्येकी एक महिन्याची कैद सुनावली. नाईक तेव्हाही राज्याच्या मंत्रिमंडळात होते.

म्हणून निकाल मिळताच त्याची प्रमाणित प्रत संबंधित कार्यालयात देऊन तारखेसह पोच घ्यावी. ‘आदेश आमच्यापर्यंत पोहोचलाच नाही’ हे उत्तर मग कोणालाही देता येत नाही.