अवैध वाळू वाहतुकीतील जप्त वाहनांविषयीचे कायदेशीर वाद

अवैध वाळू वाहतुकीच्या संशयावरून जप्त झालेले ट्रॅक्टर, टिपर, डंपर इत्यादी वाहने परत मिळवण्यासाठी किंवा त्यांवरील दंडाविरुद्ध वाहनमालक जी कायदेशीर कारवाई करतात, तिचा विचार या लेखात महाराष्ट्रापुरता केला आहे. वाळू हे गौण खनिज आहे. एकाच खेपेवरून महसूल कायदा, खनिज कायदा आणि फौजदारी कायदा अशा तीन कायद्यांखाली कारवाई होऊ शकते. त्यामुळे वाळू कोठून आली यापेक्षा वाहन कोणी, कोणत्या अधिकाराने अडवले यावरच बहुतेक वाद उभे राहतात.

महसुली जप्ती

महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ मधील कलम ४८ ही या कारवाईची मुख्य तरतूद आहे. पोटकलम (७) अन्वये अनधिकृतपणे काढलेल्या वा वाहून नेलेल्या खनिजाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड करता येतो. पोटकलम (८) मुळे जिल्हाधिकारी, किंवा त्यांनी प्राधिकृत केलेला तहसीलदार वा त्याहून वरिष्ठ दर्जाचा महसूल अधिकारी, वाहन व यंत्रसामग्री जप्त करू शकतो. जप्त वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी अथवा प्राधिकृत उपजिल्हाधिकारी यांच्यासमोर हजर करावे लागते. विहित दंड भरल्यावर आणि वाहन पुन्हा अशा कामासाठी वापरणार नाही असे वैयक्तिक बंधपत्र दिल्यावर ते मुक्त करता येते. हा दंड वाळूवरील दंडाहून वेगळा असतो. अनेक मालकांना ही गोष्ट आदेश हाती पडल्यावरच कळते.

आव्हानाचे सर्वसाधारण मुद्दे या तरतुदींतूनच निघतात. तलाठी वा मंडळ अधिकाऱ्याने प्राधिकार नसताना जप्ती केली, ४८ तासांची मुदत पाळली नाही, पंचनामा जागेवर झाला नाही, किती ब्रास वाळू होती याचे मोजमाप केले नाही, कारणे दाखवा नोटीस न देता दंड ठरवला, अशा हरकती घेतल्या जातात. वाहतूक परवाना होता पण त्याची वेळ संपली होती, किंवा वाहन रिकामे होते, असेही सांगितले जाते. आदेशाविरुद्ध संहितेच्या कलम २४७ खाली अपील करता येते. नैसर्गिक न्यायाचा भंग वा अधिकारबाह्य कृती असल्यास राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ व २२७ अन्वये उच्च न्यायालयात याचिका दाखल होते. मात्र अपिलाचा पर्याय उपलब्ध असताना न्यायालय सहसा आधी तोच मार्ग दाखवते.

फौजदारी कारवाई

खाणी व खनिजे (विकास व विनियमन) अधिनियम, १९५७ च्या कलम २१ खाली वाहन जप्त झाले असल्यास ते सरकारजमा करण्याचा आदेश न्यायालय देते. कलम २२ प्रमाणे प्राधिकृत व्यक्तीच्या लेखी तक्रारीशिवाय न्यायालयाला या गुन्ह्याची दखल घेता येत नाही. या तरतुदीच्या आधारे पोलिसांनी नोंदवलेले गुन्हे रद्द करण्याची मागणी दीर्घकाळ होत राहिली. सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये 'दिल्ली राज्य विरुद्ध संजय' या निकालात स्पष्ट केले की नदीपात्रातील वाळूची चोरी हा भारतीय दंड संहितेखालील स्वतंत्र गुन्हा असून कलम २२ त्याच्या आड येत नाही.

'जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य' (२०२०) या प्रकरणात वृत्तपत्रातील माहितीवरून दंडाधिकाऱ्यांनी स्वतःहून गुन्हा नोंदवण्याचे निर्देश दिले होते. मालकांनी मात्र खनिज विभागाकडे रक्कम भरून प्रकरण आधीच मिटवले होते. अशा तडजोडीने खनिज कायद्याखालील खटला संपतो, चोरीचा संपत नाही, असे न्यायालयाने ठरवले. म्हणूनच दंडाची पावती हाती असूनही वाहन पोलिसांकडे मुद्देमाल म्हणून अडकू शकते.

अंतरिम ताबा

पोलिसांच्या ताब्यातील वाहनासाठी दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करावा लागतो. पूर्वी हे अर्ज फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ४५१ व ४५७ खाली होत. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमे ४९७ व ५०३ लागू आहेत. अशा अर्जांत 'सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य' (२००२) या निकालाचा हमखास आधार घेतला जातो. तो वाळूविषयी नव्हता; पोलीस ठाण्यातील मुद्देमालाच्या अफरातफरीच्या आरोपांतून उद्भवला होता. वाहने ठाण्याच्या आवारात दीर्घकाळ ठेवण्यात अर्थ नाही, योग्य बंधपत्र व हमी घेऊन ती सोडावीत, असे त्यात म्हटले आहे. सरकारी पक्ष याला विरोध करताना तेच वाहन पुन्हा नदीपात्रात उतरेल अशी भीती मांडतो, आणि वारंवार पकडलेल्या वाहनांबाबत ती निराधार नसते. उलट कर्जावर घेतलेल्या ट्रॅक्टरचे हप्ते जप्तीच्या काळातही चालूच राहतात. वाहन महसूल अधिकाऱ्यांच्या ताब्यात असेल, तर दंडाधिकाऱ्यांना ते सोडण्याचा अधिकार आहे का, हाच मुद्दा आधी उपस्थित होतो.

न भरलेला दंड जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसूल केला जातो. त्यासाठी तहसील कार्यालयाच्या आवारात पडून राहिलेल्या वाहनांचा लिलावही होतो.